बास म्हणेपर्यंत

समोरच्याचं नावगाव विचारायची बाईंना सवयच नव्हती. माणूस भेटला की पहिला प्रश्न ठरलेला, "तुला कशाची भीती वाटते?"

नाशकात द्वारकेच्या चौकाजवळ माझा लग्नाच्या शूटिंगचा स्टुडिओ आहे. तिथं बाई पहिल्यांदा आल्या तेव्हा मला वाटलं, पासपोर्टचा फोटो काढायचा असेल. सुती साडी, साडीखाली कॅनव्हासचे बूट आणि हातात चांगली दणकट, काळी, पुरुषी छत्री. मी म्हटलं, "किती कॉप्या काढू?" तर म्हणाल्या, "तुला कशाची भीती वाटते?" दुपारी जेवून खुर्चीत जरा लवंडलेल्या माणसाला हे काय विचारणं झालं? पण मी आपलं खरं ते सांगून टाकलं. "बाई, कशाकशाची सांगू? कुत्रं, लिफ्ट, विहीर, इंजेक्शन, आणि बायकोचा थोरला भाऊ." बाई एकदम खूश. म्हणाल्या, "छान. भित्रा माणूस उगाच कॅमेरा हलवत नाही. उद्या सकाळी पंचवटीत ये."

मी का गेलो ते मला आजही सांगता येणार नाही. बायको म्हणायची, "त्या बाईंनी तुमच्यावर काहीतरी केलंय." केलं होतं खरंच. दोन-चार भेटींतच त्या माझ्या मानगुटीवर बसल्या, त्या शेवटपर्यंत उतरल्याच नाहीत. आता बाई नाहीत, तरी कॅमेऱ्याचं बटण दाबताना मी अजून एकदा मागं बघून घेतो.

बाई सिनेमे करायच्या. शाळेत चित्रकला शिकवून रिटायर झाल्या आणि लोक ज्या वयात नातवंडं खेळवतात त्या वयात त्यांनी हे सुरू केलं. निर्माता नाही, हिरोईन नाही, गाणं नाही, लाइटवाला नाही. माणसं दोनच, त्या आणि मी. मी कॅमेरा धरायचा आणि त्यांनी माझ्या शेजारी पाटावर बसून लेन्सवर छत्री धरायची. हो, पाटावर! घरचा जेवायचा पाट घेऊन हिंडायच्या. खुर्चीत बसलं की माणूस साहेब होतो, असं त्यांचं मत. छत्री बारा महिने बरोबर. ऊन असलं तर कॅमेऱ्याला सावली, नसलं तर मला टोचायला.

त्यांच्या सगळ्या सिनेमांचा विषय एकच, भीती. पण माणूस ज्याला भितो ते त्या कधीच दाखवायच्या नाहीत. भिणाऱ्याचं तोंड दाखवायच्या. बस्स, तेवढंच.

गोदावरीला पूर आला तेव्हाची गोष्ट सांगतो. आमच्या नाशकात पूर किती, हे कुणी आकड्यात सांगत नाही. नदीतल्या दुतोंड्या मारुतीच्या गुडघ्याला लागला, कमरेला लागला, असं सांगतात. त्या दिवशी मारुतीच्या छातीवर पाणी होतं, आणि अख्खं गाव काठावर लोटलेलं. बाईंनी मला नदीकडं पाठ करून उभं केलं. माझ्या मागं हा पूर! नुसता आवाज ऐकूनच माझी पाचावर धारण बसली. मी म्हटलं, "बाई, पूर मागे आहे."

"पूर समोर आहे. बघ नीट."

समोर माणसं उभी होती. एक भाजीवाली होती, तिची हातगाडी वाहून चालली असावी. तिचे डोळे डावीकडून उजवीकडे हळूहळू सरकत गेले आणि एका जागी थांबले. गाडी मी पाहिलीच नाही. पण ती कुठं बुडाली ते त्या भाजीवालीच्या तोंडावरून मला अचूक कळलं. तेवढ्यात माझ्या टाचेला गार पाणी लागलं. मी किंचाळणार होतो, पण बाईंनी छत्रीचं टोक माझ्या पोटरीला लावून ठेवलेलं.

हा सिनेमा एका महोत्सवात लागला तेव्हा परीक्षकांपैकी एक गृहस्थ म्हणाले, "पण मॅडम, यात पाणी कुठंय?" बाई म्हणाल्या, "मग इतका वेळ खुर्चीचे हात कशाला घट्ट धरून बसला होतात?" बक्षीस अर्थातच मिळालं नाही. त्याचं त्यांना सोयरसुतकही नव्हतं. त्यांचा एकच कायदा होता, ज्यांची तोंडं त्यांचा पहिला हक्क. सिनेमा जिथं केला तिथल्या लोकांना आधी दाखवायचा. ते नको म्हणाले तर कपाटात.

शूटिंगची तऱ्हा तर त्याहून न्यारी. 'ॲक्शन' म्हणायच्या नाहीत. "ॲक्शन म्हटलं की माणूस ॲक्शन करायला लागतो." 'कट' नाही. शॉट चालू असताना तोंडातून अवाक्षर नाही. माणसाला आधी काय ते सांगून ठेवायचं, मग गप्प बसायचं, आणि मनासारखं मिळालं की हळूच म्हणायचं, "बास." पंगतीत वाढप्यापुढं हात आडवा धरून म्हणतात ना, तसं. त्या 'बास' म्हणेपर्यंत कुणी हलायचं नाही. एकदा माझ्या कानावर गांधीलमाशी बसली होती. रामनाम घेत उभा राहिलो, पण हललो नाही. गांधीलमाशीपेक्षा मला बाईंची भीती जास्त होती.

आणि तो शब्द त्यांच्या जिभेवर इतका बसला होता, की सांगता सोय नाही. माझ्या भाचीच्या लग्नात शेवटची मंगलाष्टका संपली, नवरा-नवरी एकमेकांकडं बघायला लागली, आणि पहिल्या रांगेतून बाईंच्या तोंडून आपोआप निघालं, "बास." आणि मी शहाण्यानं कॅमेरा बंद केला! माळा घालतानाचं शूटिंग आलंच नाही. भाची अजून मला टोमणे मारते. तेव्हा आम्ही सगळे खूप हसलो होतो. आज तो प्रसंग आठवला की हसू येत नाही.

मी एकदा धीर करून विचारलं होतं, "बाई, तुम्हाला कशाची भीती वाटते?"

"सांगेन कधीतरी," म्हणाल्या, आणि छत्री उघडून चालायला लागल्या.

मग बिबट्याचा सिनेमा आला.

नाशिकरोडच्या पुढं, दारणा नदीकाठच्या एका गावात बिबट्याची दहशत बसली होती. सगळीकडं ऊस. उसात त्याचं बिऱ्हाड. गावात कुणी नाव घेत नसे, 'तो' म्हणायचे. बायका शेतात जाताना मोबाइलवर मोठ्यानं गाणी लावून जायच्या. म्हातारी माणसं काठीला घुंगरं बांधायची. दिवस कलला की आया ओट्यावर उभ्या राहून पोरांना हाका मारायच्या, आणि त्या हाकांत राग नसायचा, नुसतं काळीज असायचं. बाईंना हे कुठून कळलं देव जाणे. मला म्हणाल्या, "चल." मी म्हटलं, "बाई, कुत्र्याला भिणारा माणूस मी." त्या म्हणाल्या, "म्हणूनच चल. आणि बिबट्या दाखवायचाच नाहीये आपल्याला." मी म्हटलं, आपल्याला दाखवायचा नसेल हो, पण त्याला दिसायचं असेल तर?

आम्हाला घर मिळालं ते वैशालीताईंचं. वस्तीवरचं घर. मोठं अंगण, अंगणाच्या टोकाला नळ, आणि नळाच्या पलीकडं सरळ ऊसच. नवरा कंपनीत कामाला, घरात ताई आणि त्यांची तिसरीतली मुलगी कार्तिकी. पहिल्याच दिवशी ताईंनी मला बजावलं, "भाऊ, एक ध्यानात ठेवा. इथं वाकून बसायचं नाय. बसलेलं माणूस त्याला वासरावानी दिसतं. उभ्या माणसाच्या वाटंला तो सहसा जात नाय. आन् दिसला तर पळायचं नाय. पळालं का संपलं." मी त्या दिवसापासून जेवलो तेसुद्धा उभ्यानं. हसू नका, खरं सांगतोय.

बाईंना कार्तिकी सापडली आणि त्यांचा सिनेमाच सापडला. पोरगी स्टॅच्यू खेळण्यात अख्ख्या शाळेत पहिली. "मी बास म्हणेपर्यंत हलायचं नाही" म्हटलं की पुतळा. एका दुपारी तिच्या पायावर मुंगळा चढला आणि चावला. डोळ्यांत पाणी तरारलं, पण पाय हलला नाही. 'बास' ऐकलं आणि मग ती उडीच मारून उठली, स्वतःभोवती गर्रकन फिरली आणि लंगडत पळत सुटली. ती नेहमी तसंच करायची. 'बास' म्हटलं की उडी, गिरकी आणि धूम. बाई भारी कौतुकानं म्हणाल्या, "बघ, याला म्हणतात नट." ताईंना ते आवडलं नव्हतं. "मुंगळा चावला तरी हलली नाय? येडी का काय गं तू?" त्या पायाला चुना लावत म्हणाल्या.

शेवटचा शॉट राहिला होता. कार्तिकीनं नळापाशी बसून भांडी घासायची. मागं ऊस. घासता घासता मागून आवाज आल्यासारखा तिचा हात थांबायचा. पण मागं बघायचं नाही. "काहीही झालं तरी, मी बास म्हणेपर्यंत मागं बघायचं नाही," बाईंनी बजावून सांगितलं. "भीती बघण्यात नसते गं बाळा, न बघण्यात असते." मी ओसरीवर कॅमेरा लावला. ताई म्हणाल्या, "बाई, लवकर उरका. शेजारच्या मळ्यात तोडणी चालूय, तो कुठूनपण निघंल." बाई म्हणाल्या, "झालंच." ताई आत चहा टाकायला गेल्या. उन्हं कलली होती.

कॅमेरा सुरू झाला. पोरगी राखेनं परात घासत होती. हात चालला, चालला आणि थांबला. काय थांबली ती! अंगावर काटा आला माझ्या. डोळे आमच्याकडं आणि कान मागं. मला वाटलं, आता बाई 'बास' म्हणणार.

आणि तिच्या मागं ऊस बाजूला झाला.

आधी डोकं आलं. मग खांदे. आवाज अजिबात नाही. मला कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यावर दिसत होतं म्हणून मला क्षणभर ते खरं वाटेना. तो पोटाशी जमीन धरून बसला, पोरीच्या पाठीकडं बघत. ती खाली बसलेली. वासराएवढी.

बाईंचा डावा हात माझ्या मनगटावर येऊन असा आवळला, की नखं रुतली. मी त्यांच्याकडं डोळे फिरवले. त्यांनी खालचा ओठ दातांत धरला होता आणि त्यातून रक्त येत होतं. ते कशाला, ते मला तेव्हा कळलं नाही.

मग शॉट चालू असताना कधीही न बोलणाऱ्या बाई बोलल्या. आवाज अगदी वर्गात फुलाला पाकळी काढायला सांगावी तसा.

"कार्तिकी, फार छान. सीन थोडा बदलूया हं. मागं बघायचं नाहीच. ती परात उचल. दोन्ही हातांनी. डोक्यावर उंच धर. शाब्बास. आता उभी राहा. सावकाश. सावकाश गं, समज पाणी भरलंय परातीत, सांडायचं नाही. आता तू खूप मोठी बाई आहेस. मोठ्या बायका कशा चालतात? पळतात का? नाही ना? माझ्याकडं बघ. एक पाऊल टाक. ये."

पोरगी उठली, तसं त्यानं डोकं वर केलं. ती एक पाऊल पुढं आली, तसं त्यानंही एक पाऊल टाकलं. मला ओरडायचं होतं, पण बोबडी वळली होती. बाई पाटावरून उठल्या. "येत राहा. मी पण येते आता सीनमध्ये. मी तुझ्याजवळून पुढं जाईन, तू मात्र भाऊंकडं जायचं. मागं बघायचं नाही." आणि त्या चालत गेल्या. कॅमेऱ्यासमोर. आपली सावलीसुद्धा कधी फ्रेममध्ये पडू न देणारी बाई. वाटेत तिच्या अंगावरून त्यांची साडी घासली असेल. पुढं जाऊन त्या पोरीच्या आणि त्याच्या मधोमध ताठ उभ्या राहिल्या, आणि त्यांनी छत्री खाडकन उघडली.

ऊस सळसळला. तो गेला.

ताई आवाजानं बाहेर आल्या त्या नेमक्या शेपटी दिसायच्या वेळेला. त्यांनी घातलेली किंकाळी मी मरेपर्यंत विसरणार नाही. पोरीला त्यांनी छातीशी धरलं. परात खाली पडली, गडगडत गेली. पोरगी मात्र लाकडासारखी ताठ. म्हणाली, "आई, थांब ना. बाईंनी अजून बास म्हटलं नाय."

बाई ओसरीच्या पायरीवर बसल्या होत्या. तोंड उघडत होत्या, पण आवाज फुटत नव्हता.

ताई त्यांच्यासमोर उभ्या राहिल्या. "बाई, माझ्या पोरीला तुम्ही भांडी घासायला बसवलं होतं का चारा म्हणून बसवलं होतं? निघा माझ्या दारातून."

आम्ही निघालो. गावात दुसऱ्या दिवसापासून बोभाटा झाला, शूटिंगवाल्या बाईनं पोरगी बांधून बिबट्या बोलावला म्हणे. माझ्याकडं सगळं शूटिंग होतं, बाईंच्या आवाजासकट. मी म्हटलं, "बाई, हे दाखवू या. लोकांची तोंडं बंद होतील. आणि असा शॉट, अहो, जन्मात कुणाला मिळत नाही!" बाई मग म्हणाल्या, "तू विचारलं होतंस ना, मला कशाची भीती वाटते? त्या शब्दाची. तिचा हात थांबला आणि शॉट झाला. माझ्या जिभेवर आला होता रे तो. सवय! तो ऊस हलला त्याच क्षणी. मी 'बास' म्हटलं असतं, तिनं उडी मारली असती, गिरकी घेऊन पळाली असती." त्यांनी ओठावरच्या खपलीला बोट लावलं. "ओठ चावला म्हणून राहिला."

त्यानंतर बाई घराबाहेर पडेनाशा झाल्या. कुणाला काही विचारेनाशा झाल्या. पंगतीत कुणी जास्त वाढलं तर नुसता हात आडवा करायच्या, शब्द नाही. पाट पुन्हा स्वयंपाकघरात गेला. मला वाटलं, संपलं हे.

मग एक दिवस वैशालीताईंचा मला फोन आला. शिव्या खायची तयारी करून मी उचलला, तर ताई रडत होत्या. "भाऊ, पोरगी मागं बघत नाय हो. शाळेतून येताना हाक मारली तरी मान वळवत नाय. परवा रस्त्यात मागून ट्रॅक्टर हॉर्न मारत होता, ही आपली सरळ चाललीय. डॉक्टर म्हणतात, होईल बरी. तिला विचारलं तर म्हणती, बाईंनी अजून बास म्हटलं नाय. तुमच्या बाईंना सांगा, या आन् माझ्या पोरीला सोडवा."

मी बाईंना सांगितलं. त्या पांढऱ्याफटक पडल्या. "मला नाही जमणार. तो शब्द माझ्या तोंडून निघणार नाही."

मी आयुष्यात पहिल्यांदा बाईंवर ओरडलो. "नाही निघणार म्हणजे? ट्रॅक्टरखाली जाईल ती पोर!"

त्या उठल्या, स्वयंपाकघरातून पाट घेऊन आल्या. मग म्हणाल्या, "आधी सिनेमा जोडू. तिचा सीन अर्धाच राहिलाय." जोडताना त्यांनी एकच गोष्ट केली. तो शॉट इतका मोठा केला, की कडेचा ऊस आणि बिबट्या चौकटीच्या बाहेर गेले आणि पोरीचं तोंड आणि हात तेवढे राहिले. मी हळहळलो. त्या म्हणाल्या, "बिबट्या ठेवला तर लोक बिबट्याच बघतील. पोरीकडं कोण बघेल?"

गावातल्या शाळेच्या वर्गात खिडक्यांना ताडपत्र्या लावून, भर दुपारी सिनेमा दाखवला. बिबट्या बघायला सगळं गाव लोटलं. कार्तिकी पहिल्या रांगेत, आईच्या शेजारी. बाई सगळ्यात मागं भिंतीपाशी, माझ्याजवळ. ताई त्यांच्याशी बोलल्या नव्हत्या.

शेवटचा शॉट आला. पोरीचा हात थांबला. मागून कुणीतरी म्हणालं, "आरं, बिबट्या कुठंय?" आणि मग भिंतीवर बाईंचा आवाज आला. "कार्तिकी, फार छान." वर्ग चिडीचूप झाला. परात वर गेली. पोरगी उभी राहिली. तिला काही माहीत नव्हतं, आणि आम्हा सगळ्यांना सगळं माहीत होतं. "पळतात का? नाही ना?" पुढच्या रांगेत ताईंनी पदर तोंडात कोंबलेला मला दिसला. एक म्हातारा नकळत उभा राहिला. बाई फ्रेममध्ये आल्या, त्यांच्या साडीनं पडदा भरला आणि सरकला, आणि पोरगी चालत चालत थेट लेन्सवर आली. सगळं काळं झालं. सिनेमा संपला, पण कुणी हललं नाही.

कार्तिकीही नाही. सरळ पुढं बघत बसलेली.

ताईंनी मागं वळून बाईंकडं बघितलं. त्या नजरेत आता राग नव्हता, नुसती विनवणी होती. बाईंचा हात माझ्या मनगटावर आला, त्याच जागी. मी त्यांच्या कानाशी म्हटलं, "बाई, ऊस नाहीये इथं. मागं फक्त भिंत आहे. म्हणा."

त्यांनी एकदा स्वतःच वळून मागच्या भिंतीकडं बघून घेतलं. मग घशातून खरखरत, तुटक आला तो शब्द.

"बास."

कार्तिकीनं उडी मारली नाही. ती हळूच वळली, आणि कितीतरी दिवसांनी तिनं मागं बघितलं. बाईंना शोधलं. दोन्ही हात कमरेवर ठेवले.

"किती वेळ लावला हो बाई!"